वेला कलर चार्म टी१८ : मुळात काळ्या असलेल्या केसांवर

अमेरिकेत ब्लीच केलेल्या केसांचा पिवळेपणा घरच्या घरी घालवायचा म्हटले की बहुतेकांच्या तोंडी पहिले नाव येते ते वेला कंपनीच्या कलर चार्म मालिकेतील टी१८ या टोनरचे. बाटली लहानशी, ४२ मिलिलिटरची. किंमत दहा डॉलरच्या आसपास. सॅली ब्यूटीसारख्या केसांच्या सामानाच्या दुकानात ती सहज हाती लागते. या शेडला पूर्वी ‘व्हाइट लेडी’ म्हणत आणि जुन्या गिऱ्हाइकांच्या बोलण्यात ते नाव अजूनही येते. न्यू जर्सीत वाढलेल्या माझ्या भाचीने कमरेपर्यंतचे काळेभोर केस खांद्यापर्यंत कापून पार्लरमध्ये ब्लीच करून घेतले आणि पुढचे काम मावशीवर सोपवले, तेव्हापासून ही बाटली आमच्या घरात असते. हे परीक्षण तिच्या केसांवर आणि माझ्या स्वतःच्या पुढच्या काही बटांवर झालेल्या वापरावर आधारलेले आहे. या टोनरविषयी इंग्रजीत भरपूर लिहिलेले आढळते. परंतु त्यातील बरेचसे लिखाण जन्मतः भुरे किंवा फिकट तपकिरी केस असलेल्यांचे असते, आणि आपल्या केसांचा प्रश्न नेमका तिथेच वेगळा पडतो.

माझे मत आधीच सांगते. टी१८ हा त्याच्या कामापुरता उत्तम टोनर आहे, पण ते काम फार अरुंद आहे. जे केस ब्लीचने अगदी फिकट पिवळे होईपर्यंत उतरले आहेत, त्यांच्यावरचा उरलासुरला पिवळेपणा तो पुसतो. त्यापेक्षा गडद केसांवर तो जवळजवळ काहीच करत नाही. जाहिरातीतील रुपेरी छटेचे श्रेय टोनरला मिळत असले, तरी तिच्यातील मोठा वाटा आधी झालेल्या ब्लीचचा असतो.

याचे कारण केसांच्या रंगातच आहे. काळ्या केसांत मेलॅनिन हे नैसर्गिक रंगद्रव्य भरपूर असते आणि ब्लीच ते टप्प्याटप्प्याने तोडते. काळ्यातून आधी लालसर तपकिरी, मग लाल, मग केशरी, मग पिवळा आणि शेवटी फिकट पिवळा असा तो उतार असतो. केशभूषेच्या धंद्यात या उताराला १ ते १० अशा पातळ्या देतात. १ म्हणजे काळा आणि १० म्हणजे सर्वांत फिकट. केस जन्मतः कोणत्याही रंगाचे असोत, १० व्या पातळीलाही त्यांत पिवळी झाक उरतेच. ती झाक झाकण्यासाठी जांभळा रंग वापरतात, कारण रंगचक्रात जांभळा हा पिवळ्याच्या समोर येतो आणि दोन्ही एकमेकांना मारून डोळ्याला पांढरट-राखाडी छटा दिसते. पांढऱ्या सदऱ्याला शेवटच्या पाण्यात नीळ देतात ती याच न्यायाने. सदरा आधी स्वच्छ धुतलेला नसेल तर नीळ देऊन तो पांढरा होत नाही, आणि नीळ जास्त झाली तर निळे डाग पडतात, हे दोन्ही अनुभव टोनरच्या बाबतीतही जसेच्या तसे येतात.

म्हणून बाटली विकत घेण्याआधी केस कोणत्या पातळीवर आहेत हे पाहावे, आणि ते पाहताना स्नानगृहातील पिवळ्या दिव्यावर विश्वास ठेवू नये. दिवसाच्या उजेडात, खिडकीशी, पांढऱ्या टॉवेलवर एक कोरडी बट पसरून पाहिली की खरा रंग कळतो. बट टॉवेलच्या शेजारी नुसती पिवळसर, लोण्याच्या रंगाची दिसत असेल तर टी१८ घ्यावा. ती ठसठशीत पिवळी असून तिच्यात केशरीची किंचित झाक दिसत असेल तर त्याच मालिकेतील टी१४ अधिक योग्य, कारण त्यात जांभळ्याच्या जोडीला निळा आहे आणि केशरीला मारायला निळाच लागतो. बट सरळ सरळ केशरी असेल तर या दोन्हींपैकी काहीच घेऊ नये. केशरीवर टी१८ लावला तर एक तर फरक दिसत नाही किंवा मळकट, निस्तेज अशी छटा येते. असे केस एक तर पुन्हा ब्लीच करावे लागतात किंवा मध, कॅरॅमल अशा उबदार शेडवर समाधान मानावे लागते. आपल्या गव्हाळ, सावळ्या वर्णाला त्या उबदार शेड राखाडी छटेपेक्षा अधिक शोभतात असे माझे मत आहे. भाचीला ते मान्य नाही.

भाचीच्या केसांचे उदाहरण यासाठी बोलके आहे. पार्लरमध्ये (त्याचे नाव घेण्याचे कारण नाही) पुढचे आणि वरचे केस छान उतरवले होते, परंतु मानेजवळचे आतले केस घाईत राहून गेले होते आणि ते उघड केशरी-पिवळे होते. एकाच डोक्यावर दोन पातळ्या असल्या की एका बाटलीने काम भागत नाही. आम्ही वरच्या केसांवर टी१८ आणि मागच्या केसांवर टी१४ असा वेगवेगळा वापर केला. वरचे केस खरोखर रुपेरी झाले. मागचे झाले ते बेज, म्हणजे केशरी बोचत नाही इतपत, पण रुपेरी मुळीच नाही. केस मोकळे सोडले की हा फरक छायेसारखा वाटतो आणि वाईट दिसत नाही. वर बांधले की लगेच उघडा पडतो.

आता प्रत्यक्ष वापराविषयी. मी आणलेल्या बाटलीसोबत डेव्हलपर (टोनरमध्ये मिसळायचे पेरॉक्साइडचे द्रावण) नव्हता, हातमोजे नव्हते, ब्रशही नव्हता. हे सगळे वेगळे घ्यावे लागते आणि दहा डॉलरच्या वस्तूचा खर्च पहिल्या खेपेला सहज दुप्पट होतो. डेव्हलपर २० व्हॉल्यूमचा, म्हणजे ६ टक्के हायड्रोजन पेरॉक्साइडचा घ्यायचा असतो आणि प्रमाण एक भाग टोनरला दोन भाग डेव्हलपर असे आहे. पूर्ण बाटलीला ८४ मिलिलिटर. खांद्यापर्यंतच्या दाट केसांना एक बाटली कशीबशी पुरते. आपल्याकडे सर्रास आढळणारे जाड, घनदाट आणि लांब केस असतील तर दोन बाटल्या घेऊन ठेवाव्यात, कारण मिश्रण मध्येच संपले तर अर्धे केस एका रंगाचे आणि अर्धे दुसऱ्या रंगाचे होतात.

मिश्रण पातळ असते, आणि ही या टोनरची सर्वांत त्रासदायक बाजू आहे. वाडग्यात कालवून ब्रशने लावायला गेले तर ते कपाळावरून, कानामागून ओघळते. चोच असलेल्या प्लॅस्टिकच्या बाटलीत एकत्र करून, केसांचे भांग पाडत पाडत थेट ओतणे आणि बोटांनी चोळून पसरवणे अधिक सोयीचे पडते. धातूचे भांडे वापरू नये. केसांच्या कडेने कपाळावर, कानांवर व्हॅसलिनचा हात फिरवावा, आणि जुना गडद टॉवेल खांद्यावर घ्यावा. अमोनियाचा वास चांगलाच झोंबतो. न्यू जर्सीच्या थंडीत खिडकी उघडी ठेवणे जिवावर येते, पण ती उघडावीच लागते. टाळूला किंचित चुरचुरणे अपेक्षित असते. त्याच दिवशी ब्लीच झालेले असेल तर मात्र ते चुरचुरणे जळजळीपर्यंत जाऊ शकते. जळजळ होऊ लागली तर वेळ पुरी होण्याची वाट न पाहता धुऊन टाकावे.

केस धुऊन, टॉवेलने टिपून, ओलसर असताना टोनर लावायचा असतो. कोठून सुरुवात करायची याला महत्त्व आहे. जो भाग सर्वांत पिवळा असेल तिथून सुरुवात करावी आणि टोके सर्वांत शेवटी घ्यावीत, कारण टोकांचे केस जुने, पुनःपुन्हा रसायन सोसलेले आणि सच्छिद्र असतात; ते रंग झटकन शोषतात आणि बाकीच्या केसांआधी राखाडी-जांभळे होतात. मुळांशी उलट प्रकार असतो: तिथे डोक्याच्या उष्णतेमुळे ब्लीच अधिक चांगले चढलेले असते, त्यामुळे मुळे पुष्कळदा आधीच फिकट असतात.

सूचनांत अर्ध्या तासापर्यंतची मुदत दिलेली आहे, परंतु ती कमाल मर्यादा समजावी. थोड्याच वेळात मिश्रण हवेने गडद होऊ लागते आणि डोक्यावर निळसर-जांभळा लगदा दिसू लागतो. भाचीने आरशात पाहून “मावशी, धू लवकर, सगळं जांभळं झालंय!” असे ओरडून घर डोक्यावर घेतले होते. त्या वेळी दिसणारा रंग मिश्रणाचा असतो, केसांचा नव्हे. कागदी रुमालाने एक बट स्वच्छ पुसून पाहावी. आतला केस अजून पिवळा असेल तर थांबावे, पिवळेपणा गेला असेल तर घड्याळाकडे न पाहता धुवावे. तिच्या वरच्या केसांना दहाएक मिनिटे पुरली आणि मागच्या केसांना जवळजवळ पूर्ण वेळ लागला. एक गोष्ट ध्यानात ठेवावी की ओला केस कोरड्यापेक्षा गडद दिसतो. पुसलेली बट मनासारखी फिकट दिसेपर्यंत थांबले तर वाळल्यावर ती अपेक्षेपेक्षा अधिक राखाडी निघते.

यापुढचा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो आणि इंग्रजी परीक्षणांत तो ओझरता येतो. हा टोनर कायमस्वरूपी रंगाच्या वर्गातला आहे: त्यात अमोनिया आहे आणि सोबत ६ टक्के पेरॉक्साइड. अशी जोडी नैसर्गिक, ब्लीच न केलेल्या केसांवर पडली तर ती त्यांना थोडेसे उतरवते, आणि काळे केस थोडेसे उतरले की ते लालसर तपकिरी दिसू लागतात. संपूर्ण डोके ब्लीच केलेले असेल तर याने फारसे बिघडत नाही. परंतु आपल्याकडे बहुतेक जणी पूर्ण डोके ब्लीच करत नाहीत; काळ्या केसांत काही हायलाइट्स, म्हणजे ब्लीचने फिकट केलेल्या मोजक्या बटा, करून घेतात. अशा डोक्यावर टी१८ सरसकट ओतला तर हायलाइट्स रुपेरी होतात आणि त्यांच्या बाजूचे काळे केस उन्हात तांबूस चमकू लागतात. माझ्या पुढच्या बटांना टोनर लावताना मी प्रत्येक बट फॉइलमध्ये वेगळी घेते आणि बाजूच्या काळ्या केसांना कंडिशनर लावून ठेवते. काम वेळखाऊ आहे, पण त्याला पर्याय नाही. नवीन उगवलेल्या काळ्या मुळांवरही हे मिश्रण जाऊ देऊ नये.

हायलाइट्सवाल्यांना त्यापेक्षा चांगला मार्ग म्हणजे अमोनिया नसलेले, आम्लधर्मी, कमी टिकणारे टोनर. रेडकेनचे शेड्स ईक्यू या प्रकारातले आहे. ते स्वतःच्या द्रावणात समप्रमाणात मिसळतात, वीस मिनिटांपर्यंत ठेवतात आणि नैसर्गिक केसांना ते उतरवत नाही. त्यातील ०९व्ही ही शेड पिवळ्यावर टी१८ सारखेच काम करते आणि केसांवर चकाकी अधिक सोडते. ते अधिकृतपणे व्यावसायिकांसाठीच विकले जाते, ही अडचण आहे. लॉरियालचा डिया लाइटही याच पठडीतला आहे. ओळखीच्या केशकर्तनकाराकडून यांपैकी काही लावून घेता आले तर टी१८ च्या वाटेला जाण्याची गरज नाही. माझ्या मते ज्यांच्या डोक्यावर काळे केस सोनेरी केसांपेक्षा जास्त आहेत, त्यांनी पैसे तिथेच खर्च करावेत.

मेंदीविषयी स्वतंत्रपणे सांगणे भाग आहे, कारण आपल्या घरांतून ती वर्षानुवर्षे केसांना लावली जाते. शुद्ध मेंदीचा रंग केसांतील केराटिन या प्रथिनाला धरून बसतो, आणि अशा केसांना ब्लीच केले तरी हट्टी केशरी छटा उरते; तिच्यावर जांभळा टोनर चालत नाही. त्याहून गंभीर बाब म्हणजे बाजारात ‘मेंदी’ म्हणून मिळणाऱ्या काही पुड्यांत धातूंचे क्षार मिसळलेले असतात आणि त्यांची पेरॉक्साइडशी गाठ पडली की केस तापतात, तुटतातही. जिने आधी काय लावले होते हे तिला नेमके ठाऊक नसेल, तिने आतल्या बाजूची एक बारीक बट कापून तिच्यावर आधी चाचणी घ्यावी. काळ्या मेंदीने हातावर कधी फोड आले असतील तर अधिकच जपावे. त्या मेंदीत पुष्कळदा पीपीडी ही केशरंगांत वापरली जाणारी रासायनिक भुकटी असते आणि एकदा तिची ॲलर्जी जडली की ऑक्सिडेशनने चढणाऱ्या इतर केशरंगांचाही त्रास होऊ शकतो. कोपराच्या आतल्या बाजूस किंवा कानामागे ४८ तास आधी चाचणी घेण्याची सूचना बाटलीसोबत असते. ती केवळ औपचारिकता म्हणून छापलेली नाही.

टोनरचा परिणाम किती टिकतो? वर्ग कायमस्वरूपी रंगाचा असला तरी साधारण चार ते सहा आठवडेच, तेही बेताने धुतल्यास. भाची रोज व्यायामशाळेतून आल्यावर केस धुते, त्यामुळे तिच्या डोक्यावर तिसऱ्याच आठवड्यात पिवळेपणा डोकावतो. पाण्याचाही यात हात असतो: जड पाण्यातील लोह, तांबे असे धातू केसांवर बसतात आणि छटा मळकट होते. पुण्याच्या उपनगरांत टँकरवर किंवा बोअरच्या पाण्यावर दिवस काढणाऱ्या माझ्या वाचक मैत्रिणींना हे वेगळे सांगायला नको. पोहण्याच्या तलावातील पाण्यात तांबे असेल तर फिकट केसांवर हिरवी झाकही येते.

या मधल्या काळात टोनर पुनःपुन्हा लावणे योग्य नाही. प्रत्येक खेपेला पेरॉक्साइड लागते आणि ब्लीचने आधीच अशक्त झालेला केस आणखी कोरडा पडतो. तिथे जांभळा शांपू उपयोगी पडतो. त्यात पेरॉक्साइड नसते. जांभळा रंग केसाच्या पृष्ठभागावर नुसता बसतो आणि काही धुण्यांत निघून जातो. आम्ही इटलीच्या फानोला कंपनीचा नो यलो वापरतो. त्याचा रंग इतका दाट आहे की हातमोजे न घालता वापरला तर नखांच्या कडा दिवसभर जांभळ्या राहतात आणि न्हाणीघराच्या फरशीच्या सांध्यांतही तो जाऊन बसतो. आठवड्यातून एकदा, दोन-तीन मिनिटे, एवढे पुरते. फार सच्छिद्र केसांवर तेवढेही जास्त होते. तेव्हा तो साध्या शांपूत मिसळून घ्यावा. ज्यांना इतका जहाल शांपू नको, त्यांना क्लेरॉलचा शिमर लाइट्स सौम्य वाटेल. भारतात लॉरियाल प्रोफेशनेल आणि श्वार्झकोफ या कंपन्यांचे जांभळे शांपू मिळतात आणि राखण्याच्या कामासाठी ते पुरेसे आहेत. ब्लीच न केलेल्या काळ्या केसांवर यांपैकी कोणताही शांपू लावून काही दिसणार नाही.

या शांपूंचा सर्वांत समाधानकारक परिणाम मी पाहिला तो मात्र भाचीच्या नव्हे, तर माझ्या आईच्या केसांवर. तिने केसांना कधीच रंग लावलेला नाही. तिचे केस पूर्ण पांढरे आहेत आणि उन्हाने, तेलाने, पाण्याने त्यांवर पिवळट छटा धरते. महिन्यातून दोन-तीनदा सौम्य जांभळा शांपू मिनिटभर ठेवून धुतला की ती छटा जाते आणि केस स्वच्छ चांदीसारखे दिसतात. तिला टी१८ ची मुळीच गरज नाही, आणि पांढऱ्या केसांच्या अनेक स्त्रियांना नसावी. थोडे पैसे जास्त घालून साध्या शांपूऐवजी असा शांपू घेणे हा त्यांच्यासाठी सर्वांत सोपा उपाय आहे.

टी१८ पुन्हा घेईन का, असे विचाराल तर भाचीच्या वरच्या केसांसाठी घेईन, माझ्या हायलाइट्ससाठी बहुधा घेणार नाही. किंमत वाजवी आहे, आणि केस योग्य पातळीवर असतील तर मिळणारी थंड, स्वच्छ छटा पार्लरमध्ये कित्येक पट पैसे मोजून मिळते त्याहून उणी नसते. वास, पातळपणा आणि कोरडेपणा हे तीन दोष मात्र गृहीत धरूनच घ्यावे. लावल्यानंतर दाट कंडिशनर किंवा हेअर मास्क आवश्यक आहे, आणि पुढचे काही दिवस इस्त्री, ड्रायर यांपासून केसांना दूर ठेवावे. छटा हवी त्यापेक्षा जांभळी झालीच तर घाबरून पुन्हा ब्लीच करू नये. क्लॅरिफाइंग, म्हणजे केसांवर साठलेले थर धुऊन काढणाऱ्या, शांपूने दोन-तीनदा धुतले की ती बरीचशी उतरते. कालवलेले मिश्रण उरले तर ते ठेवून उपयोग नसतो, आणि झाकण घट्ट लावून तर ते मुळीच ठेवू नये, कारण पेरॉक्साइडमधून सुटणाऱ्या वायूने बाटली फुगते. ते भरपूर पाण्याबरोबर मोरीत सोडून द्यावे. थोड्याच केसांना लावायचे असेल तर टोनर आणि डेव्हलपर मोजून, लागेल तेवढेच कालवावे आणि उरलेल्या टोनरच्या बाटलीचे बूच लगेच घट्ट बंद करावे.